कबूल असलेल्या पैशासाठी कोर्टाची पायरी : मराठवाड्यातील आमदारांना एका कंत्राटदाराचे खुले पत्र

प्रति,
मराठवाड्यातील आठ जिल्ह्यांतून विधानसभेवर निवडून गेलेले ४६ सन्माननीय सदस्य

विषय : पूर्ण झालेल्या व मोजमाप पुस्तिकेत नोंदलेल्या शासकीय कामांची थकीत देयके आणि त्यांसाठी कराव्या लागणाऱ्या याचिका

सन्माननीय सदस्यहो,

सप्रेम नमस्कार.

मी शासनाकडे नोंदणी असलेला कंत्राटदार आहे आणि गेली एकवीस वर्षे मराठवाड्यात रस्त्यांची, मोऱ्यांची व लहान पुलांची कामे करतो. जानेवारी २०२२ मध्ये मला एका गावाला राज्यमार्गाशी जोडणाऱ्या ३.२ किलोमीटर रस्त्याच्या सुधारणेचा कार्यारंभ आदेश मिळाला. वाटेत दोन पाइप मोऱ्या आणि एक स्लॅब ड्रेन होते. काम मे २०२३ मध्ये पावसाच्या आत पूर्ण झाले. जूनमध्ये अंतिम मोजमापे पुस्तिकेत चढली, उपअभियंत्यांनी ती तपासून सही केली आणि कामाची एकूण किंमत १ कोटी ३८ लाख रुपये ठरली. त्यातले ७८ लाख ८५ हजार रुपये हे पत्र लिहीत असताना अजून येणे आहेत. ही रक्कम कोणी नाकारत नाही. मोजमापावर आक्षेप नाही, गुणनियंत्रणाचा शेरा नाही, चौकशी नाही, वसुली नाही. पैसे देणे लागतो हे विभागीय कार्यालय लेखी मान्य करते, आणि तरीही ते मिळावेत म्हणून मला उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात रिट याचिका करावी लागली आहे.

हे पत्र मंत्रिमहोदयांना न लिहिता आपल्याला लिहिण्याचे कारण सांगतो. मंत्र्यांना व सचिवांना आमच्या संघटनांची निवेदने वर्षानुवर्षे जात आहेत. पण राज्याच्या संचित निधीतला पैसा विधिमंडळाने केलेल्या कायद्याशिवाय खर्ची पडू शकत नाही, असे संविधानाचा अनुच्छेद २६६ सांगतो, आणि तो कायदा हात वर करून मंजूर करणारे आपण आहात. शिवाय आमच्या कामाची सुरुवातही आपल्याच हातून होते. माझ्या रस्त्याच्या भूमिपूजनाला मंडप होता, हलगी होती, कुदळीला रेशमी फीत बांधली होती आणि कोनशिलेवर सोळा नावे होती. मंडपाचे, हारांचे व चहा-फराळाचे पैसे प्रथेप्रमाणे मी दिले. ते अंदाजपत्रकात नसतात आणि त्यांची तक्रारही मी करीत नाही. त्या दिवशी भाषणात सांगितले गेले की या रस्त्यासाठी निधी आणला आहे. सदस्यहो, निधी आला नव्हता, प्रशासकीय मान्यता आली होती. या दोहोंतला फरक माझ्यासारख्याला तेव्हा कळत नव्हता असे नाही. पण इतक्या वर्षांत तो एवढा मोठा कधी झाला नव्हता.

माझी मुख्य तक्रार या फरकाचीच आहे. एखाद्या लेखाशीर्षाखाली, म्हणजे अर्थसंकल्पातल्या खर्चाच्या सदराखाली, समजा रस्ते-पुलांच्या ५०५४ खाली, एका विभागात शंभर रुपयांची कामे मंजूर होतात आणि त्या वर्षाची तरतूद पंधरा-वीस रुपयांची असते. उरलेली कामे नाममात्र रक्कम दाखवून अर्थसंकल्पात किंवा पुरवणी मागणीत घुसवली जातात. या रकमेला आमच्याकडे ‘टोकन’ म्हणतात. टोकन पडले की निविदा निघते, निविदा निघाली की कार्यारंभ आदेश निघतो, आणि आदेशात काम पूर्ण करण्याची मुदत महिन्यांत लिहिलेली असते. पैसे किती महिन्यांत मिळतील ते कुठेच लिहिलेले नसते. २०२५ च्या पावसाळी अधिवेशनात ५७,५०९ कोटी रुपयांच्या पुरवणी मागण्या मांडल्या गेल्या, म्हणजे पैसा अजिबात नाही असेही म्हणता येत नाही. त्याच वर्षाच्या सुरुवातीला राज्यभरातील कंत्राटदार संघटना थकबाकीचा आकडा ८९ हजार कोटींच्या घरात सांगत होत्या. आकडा संघटनांचा आहे, तो कमी-जास्त असू शकेल. म्हणूनच शासनाने आपला आकडा विभागवार जाहीर करावा, असे मी पुढे मागितले आहे.

काही मंडळी याचा सगळा दोष लाडकी बहीण योजनेवर टाकतात. मला ते पटत नाही. माझ्या कामावर खडी पसरणाऱ्या बायकांना दरमहा १,५०० रुपये मिळतात आणि माझ्याकडून हप्ता वेळेवर मिळत नसे तेव्हा त्याच पैशांवर त्यांनी घर चालवले. योजना जुलै २०२४ मध्ये सुरू झाली. माझे अंतिम देयक त्याच्या वर्षभर आधीचे आहे. तरतुदीच्या कितीतरी पट मान्यता देण्याची सवय त्याहून जुनी आहे, आणि कोणत्याही एका पक्षाची नाही.

देयक कसे निघते ते थोडक्यात सांगतो, कारण गावातले लोक आम्हाला विचारतात की, काम झाले तर पैसे का मिळत नाहीत. कनिष्ठ अभियंता साइटवर टेप टाकून मोजमाप घेतो व एमबी, म्हणजे मोजमाप पुस्तिका, लिहितो. उपअभियंता तपासतो. देयक विभागात जाते, लेखा शाखा रॉयल्टी, कामगार उपकर, आयकर, जीएसटीचा टीडीएस आणि अनामत कापून ते तयार करते आणि कार्यकारी अभियंता ते मंजूर करतात. इथपर्यंत सारे आमच्या डोळ्यांसमोर होते. मग निधीची मागणी ‘बीम्स’ या शासनाच्या ऑनलाइन निधीवाटप प्रणालीवर वर जाते आणि तिथून पुढे आम्हाला काही दिसत नाही. निधी ‘पडला’ तर पडला. तो बहुधा दिवाळीला आणि मार्चअखेर पडतो, आणि मागणीच्या अगदी थोड्या टक्क्यांत पडतो.

३१ मार्च २०२४ ची रात्र मी विभागाच्या व्हरांड्यात काढली. चाळीसेक कंत्राटदार होते. कोणी पायरीवर, कोणी मोटारसायकलवर आडवे. रात्री नऊला कळले की निधी येतोय, अकराला कळले की प्रणाली मंद आहे. पाणी संपले होते, चहावाला दोनदा येऊन गेला. साडेबाराच्या सुमारास लिपिकाने यादीचा कागद खिडकीच्या काचेला आतून लावला आणि आम्ही मोबाइलच्या उजेडात आपापली नावे शोधू लागलो. माझ्या नावापुढे ८ लाख ६४ हजार होते. पहिल्या आर.ए. बिलाचे, म्हणजे काम चालू असतानाच्या देयकाचे, ४२ लाख मला मार्च २०२३ मध्ये मिळाले होते. उरलेल्या ९६ लाखांचे ते नऊ टक्के. माझ्या शेजारी उभा असलेला, माझ्याहून वर्षभर जुने बिल असलेला माणूस यादीत नव्हता. त्याने कागद दोनदा वरपासून खालपर्यंत वाचला, चष्मा खिशात ठेवला आणि कोणाशी न बोलता गाडी सुरू करून निघून गेला. पुढे दिवाळीला ४ लाख ३६ हजार आणि मार्च २०२५ मध्ये ४ लाख १५ हजार मिळाले. त्यानंतर काही नाही.

त्या यादीवरून दुसरी तक्रार. निधी थोडा असेल तर तो कोणत्या क्रमाने वाटायचा याचा नियम आम्हाला कोणी दाखवत नाही. ज्येष्ठतेनुसार वाटतो असे तोंडी सांगितले जाते. ज्येष्ठता कार्यारंभ आदेशाच्या तारखेची, देयक मंजुरीच्या तारखेची की मुंबईतून आलेल्या फोनच्या तारखेची, हे यादी पाहून तरी कळत नाही. मी कोणावर आरोप करीत नाही. ज्येष्ठतेची यादी विभागाच्या फलकावर लावली असती तर त्या रात्री व्हरांड्यात निम्मी माणसे आलीच नसती.

आता करारातल्या अटींविषयी. मी बी-१ नमुन्यावर सही केली आहे, तेव्हा त्या मला बांधील आहेत. त्यातील खंड २ प्रमाणे मी उशीर केला तर अंदाजित रकमेच्या १० टक्क्यांपर्यंत भरपाई माझ्याकडून घेता येते. शासनाने उशीर केला तर काय, याला त्या नमुन्यात उत्तर नाही. व्याजाचा शब्दही नाही. काम चालू असतानाच, १८ जुलै २०२२ पासून, शासकीय कामांवरचा जीएसटी १२ टक्क्यांवरून १८ टक्के झाला. त्या फरकाचा प्रस्ताव वेगळाच पडून आहे. अंतिम देयकासोबत कर-बीजक हवेच असा आग्रह असल्याने मी ते जून २०२३ मध्ये दिले आणि पुढच्या महिन्याच्या २० तारखेच्या आत, इनपुट क्रेडिट वजा करून उरलेला कर स्वतःच्या खिशातून भरला. जे पैसे मला मिळाले नाहीत त्यांवरचा कर शासनाला मात्र मुदतीत पोचला.

डांबर उधार मिळत नाही, हे आपल्यापैकी ज्यांचा या धंद्याशी संबंध आला आहे त्यांना माहीत आहे. टँकर भरायचा तर पैसे आधी. डिझेल रोख, मजुरांचा पगार आठवड्याला. उधारी चालते ती खडीची आणि मुरमाची. आपली काळी माती पाण्याने फुगते, उन्हाने भेगाळते. तिच्यावर रस्ता टिकवायचा तर खाली मुरमाचा जाड थर लागतो, आणि तो वीस-वीस किलोमीटरवरून हायवाने आणावा लागतो. बँकेचे कॅश क्रेडिट ४० लाखांचे आहे, त्याचे व्याज ११ टक्के. शिवाय १५ लाख बाहेरून शेकडा दोनने उचलले आहेत. दोन्हींचे मिळून वर्षाला आठ लाख रुपये व्याज जाते. दरसूचीत कंत्राटदाराचा नफा १० टक्के धरलेला असतो. मी निविदेत अंदाजित रकमेहून साडेसात टक्के कमी, म्हणजे ‘बिलो’, भरले होते, म्हणजे या कामात मला हिशेबाने अडीच लाखांच्या आसपास उरायचे होते. एवढे बिलो कशाला भरले, असे कोणी विचारेल. रोलर उभा राहिला, मुकादम बसून राहिला तरी त्यांचा खर्च थांबत नाही, म्हणून भरले. त्यातला रोलर मागच्या वर्षी विकला.

क्रशरवाल्याचे ११ लाख माझ्याकडे आहेत. तो महिन्यातून एकदा घरी येतो. ओट्यावर बसतो, पाऊसपाण्याचे बोलतो, आईला गुडघ्याचे विचारतो, चहा घेतो. पैशाचा विषय काढत नाही. गेल्या खेपेला उठताना एवढेच म्हणाला, “दादा, मशीनचा हप्ता तटलाय, बघा काही.” आई आतून ऐकत होती. त्या दिवसापासून ती मला रोज विचारते, त्याचे दिले का.

रस्त्याचा दोष दायित्व कालावधी तीन वर्षांचा आहे. सप्टेंबर २०२५ च्या अतिवृष्टीत स्लॅब ड्रेनजवळची साइडपट्टी वाहून गेली. आठवड्याच्या आत उपविभागाचे पत्र आले की सात दिवसांत दुरुस्ती न केल्यास खर्च अनामतीतून वसूल केला जाईल. पत्र योग्यच होते, त्या रस्त्याने शाळेची गाडी जाते. मी दोन टिप्पर मुरूम टाकून, दगडी पिचिंग करून साइडपट्टी पूर्ववत केली. त्याच पुरात इतर ठिकाणी तातडीची कामे तोंडी आदेशावर करून द्या, असेही आम्हाला सांगण्यात आले. कोणी जेसीबी पाठवला, कोणी पाइप दिले. त्या तोंडी कामांची देयके कोणत्या लेखाशीर्षातून निघणार हे अजून कोणी सांगितलेले नाही.

न्यायालयाविषयी मला अधिक विस्ताराने लिहायचे आहे, कारण “पैसे हवेत तर कोर्टात जा” हे वाक्य आम्ही कार्यालयांमध्ये वारंवार ऐकतो, आणि ते सांगणाऱ्यांपैकी काहींचा हेतू चांगलाही असतो. वकिलांनी आम्हाला दोन वाटा सांगितल्या. पहिली दिवाणी दाव्याची. त्यासाठी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची नोटीस देऊन दोन महिने थांबायचे, दाव्याच्या रकमेच्या प्रमाणात कोर्ट फी आधी भरायची, मग कैफियत, मुद्दे, पुरावा, उलटतपासणी. हुकूमनामा झाला तरी कलम ८२ प्रमाणे शासनाला तीन महिने देऊनच दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याची अंमलबजावणी, पुढे जाते. अपिले निराळी. भूसंपादनाच्या मावेजासाठी बेलिफ शासकीय कार्यालयातल्या खुर्च्या आणि गाडी जप्त करायला आल्याच्या बातम्या मराठवाड्यात आपण सर्वांनी वाचल्या आहेत. त्या वाटेचे शेवटचे टोक ते असते.

दुसरी वाट अनुच्छेद २२६ खालच्या रिट याचिकेची. तिच्यावर शासनाचा ठरलेला आक्षेप असा की हा कराराचा वाद आहे, याचिकाकर्त्याने दिवाणी न्यायालयात जावे. यावर सर्वोच्च न्यायालयाने ए.बी.एल. इंटरनॅशनल प्रकरणात डिसेंबर २००३ मध्येच सांगितले आहे की, राज्यसंस्था करारातील आपली जबाबदारी मनमानीने टाळत असेल तर केवळ वाद कराराचा आहे म्हणून रिट नाकारता येत नाही. २०१९ मध्ये सूर्या कन्स्ट्रक्शन्स विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य या प्रकरणात, देणे कबूल असेल तर रिट चालते हे पुन्हा स्पष्ट झाले. म्हणजे आम्हाला न्यायालयात आधी हेच सिद्ध करावे लागते की आमच्यात वाद नाही. वादी आणि प्रतिवादी दोघांचेही म्हणणे एकच असताना तारखा पडत राहतात, यातला विनोद मला सुरुवातीला कळला नाही.

आम्ही सात जणांनी मिळून २०२४ मध्ये पहिली याचिका केली. सरकारी वकिलांनी सूचना घेण्यासाठी वेळ मागितला, तीनदा. मग आमच्या निवेदनांवर आठ आठवड्यांत निर्णय घ्यावा असा आदेश झाला. न्यायालयाबद्दल माझी तक्रार नाही. बोर्डावर एकेका दिवशी किती प्रकरणे असतात ते मी मागच्या बाकावर बसून पाहिले आहे. निर्णय मुदतीत आला. दीड ओळीचा होता : निधीच्या उपलब्धतेनुसार ज्येष्ठताक्रमाने देयक अदा करण्याची कार्यवाही करण्यात येईल. आदेशाचे पालन झाले, पैसे मिळाले नाहीत, आणि आम्हाला दुसरी याचिका करावी लागली. मुंबईहून वकील न आणता, जिल्ह्यातून बसने येऊन-जाऊन, आतापर्यंत माझा या दोन याचिकांवर पावणेदोन लाख रुपये खर्च झाला आहे.

सूक्ष्म व लघु उद्योगांसाठी २००६ चा कायदा आहे. त्यात ४५ दिवसांत पैसे न दिल्यास रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट दराने, दरमहा चक्रवाढ व्याज मिळते. माझी उद्यम नोंदणी आहे म्हणून मी आशेने विचारले. पण वर्क्स कॉन्ट्रॅक्टला तो कायदा लागू होत नाही, असे मुंबई उच्च न्यायालयाचे निकाल आहेत. मला सिमेंटचे पाइप पुरवणारा कारखानदार मात्र त्याच कायद्याखाली अशा वादांसाठी नेमलेल्या परिषदेत माझ्याविरुद्ध जाऊ शकतो, आणि गेला तर माझ्याजवळ बचाव नाही.

याहून मोठी भीती मुदतीच्या कायद्याची आहे. केलेल्या कामाच्या पैशांसाठी दावा लावायला तीन वर्षांची मुदत असते. माझे काम मे २०२३ मध्ये संपले. येत्या मे महिन्यात तीन वर्षे होतील. मुदत संपण्यापूर्वी शासनाने देणे सहीनिशी लेखी कबूल केले तर तिथून ती नव्याने मोजली जाते, आणि माझ्याकडे ते दीड ओळीचे पत्र आहे म्हणून मी काहीसा निश्चिंत आहे. ज्यांच्याकडे असे पत्र नाही, जे साहेबांच्या शब्दावर थांबले आहेत, त्यांचे काय? कोर्टात जाणाऱ्याकडे “आडमुठा” म्हणून पाहिले जाते, त्यामुळे बहुतेक जण थांबतात. उद्या शासनानेच मुदतीचा मुद्दा काढला तर त्यांच्या सौजन्याची किंमत त्यांना पूर्ण रकमेने मोजावी लागेल.

आणि कोर्टाच्या वाटेचा एक परिणाम असाही आहे, जो मला स्वतः याचिकाकर्ता असूनही टोचतो. आदेश ज्याच्या हाती, त्याचे देयक अवमानाच्या भीतीने पुढे सरकते. निधी तेवढाच असल्याने दुसऱ्या कोणाचे तरी मागे जाते. मागे जातात ते सुशिक्षित बेरोजगार अभियंते आणि मजूर सहकारी संस्था, ज्यांची देयके तीन, पाच, सात लाखांची असतात. आमच्या तालुक्यातल्या एका तरुण अभियंत्याचे नाली बांधकामाचे ४ लाख ७० हजार अडकले आहेत. वकिलाची फी ऐकून तो परत आला. आता तो महामार्गाच्या एका कंपनीत सुपरवायझर आहे आणि त्याचे नोंदणी प्रमाणपत्र नूतनीकरणाविना संपले. जुलै २०२५ मध्ये सांगली जिल्ह्यातील एका तरुणाने आत्महत्या केली. जलजीवन मिशनच्या कामाचे पैसे अडकल्याचे त्याच्या घरच्यांनी सांगितले. तो थेट कंत्राटदार होता की उपकंत्राटदार, यावर तेव्हा चर्चा झाली. आमच्या घरांमध्ये त्या दिवशी वेगळी चर्चा झाली. माझ्या पत्नीने मला न विचारता माझ्या कपाटाची किल्ली स्वतःकडे घेतली.

आमच्या धंद्याविषयी लोकांचे मत चांगले नाही हे मी जाणतो. पहिल्या पावसात उखडलेला रस्ता मीही गाडी चालवताना शिव्या देतच ओलांडतो. टक्केवारीविषयी लोक बोलतात, त्यात सगळेच खोटे असते असे म्हणण्याचे धाडस माझ्यात नाही. ज्याचे काम निकृष्ट आहे त्याचे देयक रोखा, रस्त्याचा नमुना (कोअर) काढून तपासा, वसुली करा, काळ्या यादीत टाका. पण आज निकृष्ट काम करणारा आणि नीट काम करणारा, दोघांचेही देयक एकाच कारणाने थांबते. ज्याच्याकडे दुसरा पैसा आहे तोच टिकतो आणि ज्याने फक्त कामावर पोट भरायचे ठरवले तो बाहेर फेकला जातो. पुढची निविदा भरायला कोण उरेल, याचा विचार रस्ते हवे असणाऱ्यांनी करायला हवा.

येत्या अर्थसंकल्पी अधिवेशनात आपण या मागण्या सभागृहात मांडाव्यात, अशी माझी विनंती आहे.

पहिली : प्रत्येक विभागाने मंजूर झालेल्या सर्व देयकांची यादी, अंतिम मोजमापाच्या तारखेच्या क्रमाने, रक्कम व लेखाशीर्षासह संकेतस्थळावर आणि कार्यालयाच्या फलकावर लावावी, आणि निधी त्याच क्रमाने वाटावा. दहा लाखांखालची देयके त्यातही आधी, एकरकमी द्यावीत.

दुसरी : ज्या लेखाशीर्षाखाली थकबाकी त्या वर्षाच्या तरतुदीपेक्षा अधिक आहे, तिथे ती तरतुदीच्या आत येईपर्यंत नवीन कामांना प्रशासकीय मान्यता देऊ नये, पूर, अपघातप्रवण ठिकाणे आणि धोकादायक पूल एवढेच अपवाद असावेत. ही मागणी आपल्याला अवघड जाईल. नारळ कमी फुटतील.

तिसरी : दरवर्षी ३१ मार्चला विभागाने प्रत्येक कंत्राटदाराला येणे रकमेचे सहीशिक्क्याचे प्रमाणपत्र द्यावे. याला एक रुपयाही लागत नाही. या एका कागदाने मुदतीच्या कायद्याची टांगती तलवार दूर होईल, आणि बँकांनी त्यावर कर्ज द्यावे अशी व्यवस्था शासनाने केली तर खासगी सावकाराची पायरीही चढावी लागणार नाही.

चौथी : ज्या प्रकरणात रक्कम विभागालाच मान्य आहे तिथे सरकारी वकिलांना पहिल्याच तारखेला तसे सांगण्याच्या आणि देण्याची निश्चित तारीख न्यायालयापुढे ठेवण्याच्या लेखी सूचना द्याव्यात. “निधी उपलब्ध झाल्यावर” हे उत्तर बंद व्हावे.

पाचवी : बी-१ व बी-२ नमुन्यांत विलंबित देयकावर व्याजाची अट घालावी, दर बँकेच्या कर्जाएवढा असला तरी पुरे. मागील थकबाकीवरच्या व्याजाचे काय करायचे ते न्यायालय ठरवील. जीएसटीच्या दरबदलातील फरकाचे प्रस्तावही याच अधिवेशनापूर्वी निकाली काढावेत, आणि पुरातल्या तोंडी आदेशांच्या कामांना कार्योत्तर मान्यता मिळावी.

या पत्राखाली मी नाव लिहिलेले नाही. याचिकेत ते आहे, तिथे कोणीही पाहू शकेल. पण माझी आणखी तीन देयके ज्या टेबलांवर आहेत त्या टेबलांपर्यंत ते या पत्राबरोबर जाऊ नये, एवढ्यासाठी ते गाळले आहे. आपल्यापैकी ज्यांना कागदपत्रे पाहायची असतील त्यांना मी कार्यारंभ आदेश, मोजमाप पुस्तिकेच्या प्रती आणि ते दीड ओळीचे पत्र घेऊन, सांगाल तिथे भेटायला येईन.

रस्त्याचा दोष दायित्व कालावधी मे २०२६ पर्यंत आहे. त्याआधी कुठे खड्डा पडल्याचे आपल्या कानावर आले तर उपविभागाला कळवावे. माणसे आणि मुरूम पाठवून तो बुजवून घेईन.

आपला नम्र,
मराठवाड्यातील एक नोंदणीकृत शासकीय कंत्राटदार